येसाजीची खांड

शेलखारच्या कारखान्याची गोष्ट सांगायला बसलं की लोक पायाभरणीपासून सुरुवात करतात. मंत्री आले, त्यांनी चांदीच्या थापीने सिमेंट लावलं, पेढे वाटले, पेणहून मागवलेला बँड सगळं आटोपल्यावर पोचला. हे सगळं खरं आहे. पण नुसत्या पायाभरणीने कारखाने उभे राहत असते, तर आमच्या कुलाबा जिल्ह्यात आज पाय ठेवायला जागा उरली नसती. कारखाना, त्याच्या मागची कामगारांची वसाहत, पिवळ्या चाळींची रांग, एसटीचा थांबा, शनिवारचा बाजार, हे सगळं खरोखर सुरू झालं ते बासष्ट सालच्या वैशाखात, ज्या दिवशी खाडीतून बॉयलर आत आला त्या दिवशी. आणि तो आत यायचा की नाही, हे ना मंत्र्याने ठरवलं ना कंपनीने. ते मनुबाईने ठरवलं.

त्यासाठी आधी शेलखार समजून घ्यायला हवं. हे गाव भरतीच्या पाण्याहून खाली आहे. ऐकणाऱ्याला ही थाप वाटते. पण उधाणाच्या दिवशी दुपारी तिथे जाऊन उभं राहा. बांधाच्या अलीकडे भाताची शेतं, मिठागरं, घरं, कोंबड्या, आणि बांधाच्या पलीकडे, आपल्या डोक्याच्या वरच्या अंगाला, मचवे तरंगत असतात. मधे काय, तर चिखलाचा बांध. ना दगड, ना चुना. पणज्यांच्याही पणज्यांनी घातलेला, आणि दर वर्षी पाऊस संपला की हाताने लिंपलेला. मी कितीदा पाहिला तरी मला ते दृश्य खरं वाटत नाही. माणसांनी समुद्राला थांब म्हणावं आणि त्याने ऐकावं, ही काही लहान गोष्ट नव्हे.

अर्थात तो दर वेळी ऐकत नाही. बांधाला भगदाड पडतं, त्याला खांड म्हणतात. खांड पडली की चुलीवरचं तसंच टाकून गाव धावतं, कारण खारं पाणी एकदा शेतात शिरलं की पुढचे दोन-तीन पावसाळे भात विसरायचं. खांड बुजवायची रीत ठरलेली आहे. दोन्ही कडांनी माणसं चिखल टाकत एकमेकांकडे सरकतात. फट अरुंद होत जाते तसा पाण्याचा जोर वाढतो, आणि शेवटच्या दोन हात जागेत टाकलेलं ढेकूळ क्षणभरही टिकत नाही. मग एक गडी त्या फटीत उतरतो. मधोमध ठोकलेला खुंट दोन्ही हातांनी धरतो आणि पाण्याकडे पाठ करून उभा राहतो. पाणी त्याच्या पाठीवर फुटतं आणि त्याच्या पुढ्यात लोक चिखल लोटत जातात. चिखल छातीला लागला, सोसेनासं झालं, की तो एक हात वर करतो. हात वर दिसला की कडेवरचे लोक त्याला मुळ्यासारखा उपटून काढतात आणि उरलेली जागा भरून टाकतात. हात दिसेपर्यंत मात्र त्याला कोणी ओढायचं नाही. आधी ओढला तर खांड पुन्हा फुटते, केलेलं सगळं पाण्यात जातं.

स्वातंत्र्य मिळून सव्वा वर्ष झालं होतं. दिवाळी होऊन गेलेली, भातं कापणीला आलेली, आणि अवेळी वादळ उठलं. मुंबईपासून मांडव्यापर्यंत सगळ्या लाँचा बंद पडल्या. शेलखारला भर दुपारी, भरतीच्या ऐन टोकाला, खांड पडली. चिखल पुरेना तेव्हा लोकांनी घरं उघडी केली. दारं उखडून आणली, बाजा आणल्या, मुसळं, पाटे, नांगर, जे हाताला लागेल ते त्या तोंडात घातलं. शेवटच्या फटीत उतरला येसाजी, मनुबाईचा नवरा. अंगाने आडवा, बोलायला कमी, भूक असली तरी टोपल्यातली शेवटची भाकरी न मागणारा माणूस. तो उतरला म्हणजे खांड बुजली, असं लोक धरून चालायचे.

बुजली. पण बुजताना मागची कड खचली आणि डोंगरासारखा चिखल एकदम खाली आला. पाणी थांबलं. लोक नाचायला लागले. अंगावर चिखल, डोळ्यांत पाऊस, जो तो दुसऱ्याला मिठी मारतोय. जरा वेळाने कोणीतरी म्हणालं, येसाजी कुठाय?

काही म्हणाले, तो आतल्या अंगाला वाहत गेला. काही म्हणाले, बाहेर खाडीत गेला. बाबाजी पाटील, जो तेव्हाही बांधाचा मुख्य होता, मनुबाईकडे वळला. ती कमरेएवढ्या चिखलात टोपली घेऊन उभी होती.

"मने, उकरायचा का गो?"

उकरायचं म्हणजे खांड परत मोकळी करायची. तीन गावांची भातं बांधाच्या आत उभी होती. मनुबाईने विचारलं, "हात दिसला कुनाला?"

कोणालाच दिसला नव्हता.

"हात न्हाय ना केला त्यानी वर? मंग नको उकरू."

शेतं शोधली, खाडी शोधली. येसाजी सापडला नाही. तेव्हा बाबाजीने गावदेवीपुढे सगळ्यांना बसवून निवाडा केला की बांध उभा आहे तोवर येसाजी उभा आहे, आणि येसाजी उभा तोवर मनूचं कुंकू पुसायचं नाही. ही काही शास्त्रातली गोष्ट नव्हे. पण गावाने तिच्या एका शब्दावर पोटभर खाल्लं होतं, गावाला तोंड दाखवायला काहीतरी हवंच होतं. मनुबाई धवलारीण होती. आगऱ्यांच्या लग्नात भटाच्या आधी धवलारणीचा मान. तिने धवळे गायल्याशिवाय हळद लागत नाही की नवरा मांडवात शिरत नाही. विधवेला तो मान मिळाला नसता. तर मनुबाई रुपयाएवढं कुंकू लावून लग्नं लावत राहिली, आणि त्या जागेला नाव पडलं येसाजीची खांड.

गावाच्या लेखी प्रश्न मिटला. मनुबाईचा मिटला नव्हता. पावसाची झोड होती, चिखल उडत होता, प्रत्येकाचं लक्ष पाण्याकडे होतं. हात वर आला असेल आणि कोणी पाहिला नसेल तर? तो हात वर करून उभा असेल आणि आपणच वरून म्हटलं असेल, नको उकरू, तर? हे तिने कोणालाही सांगितलं नाही. उधाण आलं की ती बांधावर जायची, त्या जागी तळवा टेकवून उभी राहायची आणि परत यायची. लोकांना वाटायचं, नवऱ्याला भेटायला जाते. ती तर दर वेळी तोच एक प्रश्न विचारायला जायची.

एकसष्टच्या सुमाराला कंपनी आली. रंगांची रसायनं करणार होते म्हणे. मिठागरांचं आता काही खरं नव्हतंच, त्यामुळे अर्ध्या गावाने हसत आणि अर्ध्याने डोळे पुसत जमिनी दिल्या. मग जे काही सुरू झालं त्याने सगळ्यांचीच बोलती बंद केली. जिथे गुडघाभर चिखलात बगळेसुद्धा जपून पाय टाकायचे तिथे लोखंडी घण आकाशातून पडायचा आणि घराएवढे खांब जमिनीत गडप व्हायचे. धुरांडं वर चढत गेलं. रोज सकाळी बायका पाण्याला जाताना मान मागे टाकून बघायच्या आणि काल होतं त्याहून आज ते उंच असायचं. ज्या संध्याकाळी पहिल्यांदा विजेचे दिवे लागले, त्या संध्याकाळी म्हातारी माणसं अंगणात हात जोडून उभी राहिली. मी हसणार नाही त्यांना. तुम्हीही हसू नका. आयुष्यभर रॉकेलच्या चिमणीत जेवलेल्या माणसाने अख्खं माळरान उजळलेलं पाहिलं तर हात आपोआप जुळतात.

मनुबाईचा मुलगा नामा कंपनीत लागला. बाप गेला तेव्हा लहान होता. आता बापासारखाच आडवा झाला होता आणि दोरखंडाच्या टोळीत काम करायचा. बांधकामावरचे इंजिनिअर होते दत्तात्रेय म्हणून, मूळचे पनवेलचे. भला माणूस. चिखलात बूट रुतून राहिला की स्वतःच हसायचा आणि दुसराही बूट काढून अनवाणी चालू लागायचा.

सगळं तयार झालं आणि घोडं अडलं बॉयलरपाशी. तो मुंबईच्या गोदीत येऊन पडला होता. रस्त्याने आणावा तर वाटेतला एकही पूल त्याच्या वजनाला पुरणारा नव्हता. राहिली खाडी. बार्जवर घालून उधाणाच्या भरतीला आणायचा, बांध कापून आत घ्यायचा, आत चौफेर बांध घालून खणलेल्या तळ्यात बार्ज तरंगत ठेवायचा आणि तिथून रुळांवर ओढायचा. पण बार्जला पाणी खोल हवं. दत्तात्रेयांनी होडीत बसून सगळा किनारा काठीने चाचपला. खोल पाणी बांधाला लागून एकाच ठिकाणी होतं. जिथे पूर्वी खांड पडून पाण्याने तळ खरवडून काढला होता, तिथे.

दत्तात्रेयांनी बाबाजीला विचारलं. बाबाजी पाटील म्हातारा झाला होता, पण जीभ शाबूत होती. तो म्हणाला, "सायेब, जमीन तुमी घेतलीव, बांध तुमी घेतलाव. पन त्या जागंचं माज्या हातात न्हाय. मनूला इचारा."

कंपनीने विचारलं नसतं तरी कायद्याने कोणी अडवू शकलं नसतं. दत्तात्रेय मनुबाईच्या अंगणात आले, ओट्याच्या कडेला टेकले आणि सगळं नीट समजावून सांगितलं. पावसाळ्याआधी हे शेवटचं मोठं उधाण. ते चुकलं तर बॉयलर दिवाळीपर्यंत नाही, आणि तोवर माणसांना घरी बसवावं लागेल. "मनुबाई, तुमच्या मनाविरुद्ध मी तिथे फावडं लावणार नाही," ते म्हणाले. "पण मला उत्तर लवकर हवं."

ते गेल्यावर नामा बोलला. इतकी वर्षं जे कोणी बोललं नव्हतं तेच नेमकं बोलला.

"आये, बा तितं न्हाय. बा गेला समुद्रात त्याच दिशी. सगल्यांना म्हाईत हाय, तुला कुनी सांगत न्हाय इतकंच."

"मंग तू कशाला सांगतस?"

"त्या चिखलासाठी सगलं गाव उपाशी ठेवायचा काय?"

मनुबाईने भाकरीचं ताट त्याच्यापुढून उचललं आणि आत नेलं. दोन दिवस ती त्याच्याशी बोलली नाही. राग त्याच्या बोलण्याचा नव्हता. बा तिथे नसेलही, हे तिला त्याच्याआधीपासून ठाऊक होतं. तिला भीती होती तो तिथे असण्याची, आणि हात वर करून असण्याची.

आणि बॉयलर येऊन उभा राहिला. कंपनीने हो-नाहीची वाट न पाहता तो मुंबईहून हलवला होता. खाडीच्या तोंडाशी नांगर टाकून बार्ज उभी होती आणि बार्जवर ते धूड. गावातली पोरं-थोरं बांधावर जाऊन बघून आली, आणि जो परत आला तो हात पसरून, अपुरे पडल्यावर अजून पसरून, सांगत बसला. तिसऱ्या दिवशी मनुबाई नामाला म्हणाली, "होडी काढ. बगू दे मला."

होडी जवळ जाऊ लागली. लांबून जे पिंप दिसत होतं ते वाढत वाढत गावदेवीच्या देवळाहून मोठं झालं, मग उन्हाच्याही आड आलं. होडी त्याच्या सावलीत शिरली आणि एकदम गार वाटलं. काळं लोखंड, त्यावर हरभऱ्यासारख्या रिपिटांच्या ओळी, आणि हे सगळं पाण्यावर तरंगत होतं. बार्जवर दत्तात्रेय होते. त्यांनी हात देऊन तिला वर घेतलं. मनुबाईने बॉयलरवर तळवा टेकवला, जसा ती बांधावर टेकवायची तसा.

"सायेब, ह्याच्या आत काय ऱ्हानार?"

"पाणी," दत्तात्रेय म्हणाले. "नुसतं पाणी. ते तापवायचं, कोंडायचं. त्या वाफेच्या जोरावर सगळा कारखाना चालणार."

"पानी?" ती हसली. कितीतरी दिवसांनी हसली. "आमी जलम घातला पान्याला भाईर ठेवायला. आनि तुमी त्याला कोंडून कामाला लावता?"

"हो."

"आनि हे मानसानीच क्येलंय?"

"माणसांनीच."

तिने तळवा लोखंडावरून काढला नाही. तिला काय वाटलं ते तिने पुढे कितीदा सांगितलं, आणि प्रत्येक वेळी सांगताना तिच्या अंगावर काटा यायचा. तिला वाटलं, एवढं लोखंड माणसांनी घडवलं, समुद्रावर तरंगवलं, आपल्या दारापर्यंत आणलं, आणि आपण चिखलाची एक भिंत उघडून बघायला भितो. पाण्याला कोंडायची हिंमत ह्यांना आहे, आणि आपल्याला एका माणसाच्या हाताकडे बघायची नाही. तिला स्वतःची लाज वाटली, आणि लाजेहून जास्त त्या लोखंडाचं नवल वाटलं.

दत्तात्रेयांना मात्र ती धवलारणीच्या भाषेत म्हणाली, "वरात शिवंवर आलीय. किती दिस उभी ठेवनार? कापा बांध."

उधाणाच्या आधी काही दिवस खणायला सुरुवात झाली. खाडीकडची कड तशीच ठेवून आतून बांध पोखरत जायचा, आणि भरतीच्या दिवशी ती कड तोडायची, असा बेत होता. खणणारे सगळे गावचेच. मनुबाईने नारळ फोडला आणि पदर डोक्यावर घेऊन बांधावर बसली. गड्यांनी एक गोष्ट न बोलता केली. दोन्ही टोकांकडून खणत आणलं आणि मधला भाग राखला. जिथे येसाजी उतरला होता तिथे कोणी फावडं लावेना.

कडांमधून त्या दिवसाचं सामान बाहेर येऊ लागलं. काळ्या-निळ्या चिखलात लाकूड जरासुद्धा कुजलं नव्हतं. एक दार निघालं, कडी-कोयंड्यासकट. मग दुसरं. बाजेचे पाय, नांगराचा फाळ, पाटा. म्हाताऱ्यांनी हात लावून ओळखलं. हे आमचं. हे तुमच्या आजीचं. बाबाजी आपल्या घराच्या दाराशी जाऊन बसला आणि त्यावरचा चिखल नखाने काढत राहिला. दत्तात्रेय दोन्ही हात कमरेवर ठेवून बघत होते. ते म्हणाले, "मी आजवर बरेच बांध पाहिले. घरांनी बांधलेला बांध पहिल्यांदाच पाहतोय."

भरतीच्या दिवशी सकाळी फक्त तो मधला भाग उरला. पाणी चढायला लागलं होतं, बार्ज ओढणारी टगबोट शिट्टी देत होती. कोणी पुढे होईना तेव्हा नामा उतरला. फावडं भलत्या ठिकाणी लागायला नको म्हणून हळूहळू, वरून खाली, चिखल उतरवत गेला. मध्येच त्याचं फावडं थांबलं. त्याने ते बाजूला टाकलं आणि हातांनी चिखल काढायला लागला. मग तो गुडघ्यावर बसला, आणि तसाच बसून राहिला.

येसाजी उभा होता.

मांस कधीच गेलं होतं, पण चिखलाने हाडं होती तशी धरून ठेवली होती. पाय फाकलेले, पाठ खाडीकडे, कवटी किंचित पुढे झुकलेली. गावाने तिची समजूत घालायला जे म्हटलं होतं ते शब्दाशब्दाने खरं होतं, आणि ज्यांनी ते म्हटलं होतं त्यांनीच ते कधी खरं मानलं नव्हतं. टगच्या सारंगाने शिट्टी बंद केली. दत्तात्रेयांनी डोक्यावरची टोपी काढली. खांद्यापासून खाली अजून चिखल होता. हात दिसत नव्हते.

"आये," नामा म्हणाला.

"सरक," मनुबाई म्हणाली.

ती खाली उतरली. उतरताना घसरली, तिला धरायला चौघे धावले, तिने कोणाला हात लावू दिला नाही. येसाजीच्या समोर उभी राहून ती हातांनी चिखल काढू लागली. आधी उजवा खांदा. मग दंड. दंड खाली गेला होता. ती कोपरापर्यंत आली आणि थांबली. मग मनगट. मग बोटं. उजव्या हाताची बोटं एका खुंटाभोवती होती. तिने डावा हात मोकळा केला. तोही खुंटावर.

ती वळली. तिचा चेहरा चिखलाने भरला होता आणि डोळ्यांना पाण्याच्या धारा लागल्या होत्या, पण आवाज मात्र लग्नघरातल्यासारखा खणखणीत निघाला.

"हात वर न्हाय," ती म्हणाली. "बगा रं. दोन्ही हात खुंट्यावर हायेत. हात वर न्हाय क्येला त्यानी!"

तिने एवढी वर्षं काय वागवलं होतं ते तेव्हा गावाला कळलं. बाबाजी पाटील ओक्साबोक्शी रडायला लागला.

मनुबाईने पदराने येसाजीच्या कवटीवरचा चिखल पुसला. मग हलक्या आवाजात, जेवायला वाढताना बोलावं तसं, ती म्हणाली, "आता उतरवा त्याना. लई उभं ऱ्हायले. दमले आसतील."

नामाने आणि आणखी तिघांनी एक दार आणलं. बोटं चिखलासकट खुंटाला चिकटली होती, सुटेनात, तेव्हा मनुबाई म्हणाली की खुंटही बरोबर जाऊ दे. दारावर येसाजीला आडवं केलं आणि बांधावर वर नेऊन ठेवलं. तिने ओल्या हाताने कपाळावरचं कुंकू स्वतःच पुसलं. बायकांपैकी कोणी पुढे झालं नाही, कोणी बांगड्यांना हात लावला नाही. ती बसली ती येसाजीच्या उशाशी.

पाणी थांबणार नव्हतं. दत्तात्रेयांनी तिच्याकडे पाहिलं, तिने मान हलवली, आणि खाडीकडची कड तोडली. पाणी आत झेपावलं, तळं भरलं, आणि भर दुपारी, भरतीच्या टोकाला, बॉयलर शेलखारमध्ये शिरला. दोन्ही कडांवरून माणसं दोर ओढत होती. ते काळं धूड इतक्या हळू सरकत होतं की ते सरकतंय हे मागच्या धुरांड्याकडे पाहिल्यावरच कळत होतं. त्याची सावली बांधावरून गेली, येसाजीवरून गेली, मनुबाईवरून गेली. एरवी ज्या माणसांनी ओरडून खाडी डोक्यावर घेतली असती ती सगळी गप्प होती. त्या शांततेत फक्त दोर करकरत होते. पुढे वसाहतीत कितीही मोठी यंत्रं आली तरी त्या दिवसासारखं कोणी गप्प झालं नाही.

बार्ज आत आली, पण ओहोटी लागायच्या आत खांड बुजवायची होती, नाहीतर तळ्यातलं पाणी ओसरून ती वाकडी बसली असती. कंपनीने गोणी रचून ठेवल्या होत्या. दोन्ही बाजूंनी गोणी आणि चिखल पडत गेला, फट अरुंद होत गेली, आणि ओहोटी सुरू झाली. पाणी बाहेर धावू लागलं. शेवटच्या दोन हात जागेत टाकलेल्या गोणी पेंढ्यासारख्या खाडीत जायला लागल्या. दत्तात्रेयांनी यंत्राची गाडी पुढे घ्यायला सांगितली तर ती कडेवरच रुतली. लोक एकमेकांकडे बघू लागले. रीत सगळ्यांना ठाऊक होती. आज ती बोलून दाखवायची कोणाची छाती झाली नाही.

नामाने नवा खुंट उचलला.

"नामा, तू नको," बाबाजी म्हणाला. "आज तरी नको रं पोरा."

नामा आईकडे बघत होता. मनुबाई उठली. येसाजीच्या उशाशी कोणाला तरी बसवून ती खांडीच्या कडेशी आली आणि चिखलात गुडघे टेकून बसली. ती त्याला अडवेल असं सगळ्यांना वाटलं.

"जा," ती म्हणाली. "पन एक आयक. बा तुजा बोलत नव्हता. तू बोल. हात वर कराया लाजू नको. मी हितंच हाय, डोला हालवनार न्हाय."

नामा उतरला. खुंट ठोकला, पाण्याकडे पाठ केली, आणि पाणी त्याच्या पाठीवर फुटलं. गोणी पडू लागल्या, चिखल पडू लागला. पलीकडे बॉयलरला साखळ्या लागल्या होत्या, इंजिन धापा टाकत होतं, कोणीतरी ओरडलं की हलला, हलला, आणि कडेवरच्या कित्येकांनी माना वळवल्या. मनुबाईने वळवली नाही. चिखल नामाच्या कमरेला आला. पोटाला आला. त्याचे ओठ निळे पडले, दात वाजत होते. ती त्याच्या डोळ्यांकडे बघत नव्हती, फक्त हातांकडे बघत होती. चिखल छातीला लागला. खुंटावरची उजव्या हाताची बोटं जरा सैल झाली, पुन्हा घट्ट झाली, पुन्हा सैल झाली.

आणि मग तो हात वर आला. पुरता वर यायच्या आधीच तिने तो दोन्ही हातांनी धरला होता, आणि ती ओरडत होती, "वडा! वडा रं! हात क्येला त्यानं, हात क्येला!"